गाडीत तंबोरा ऐकू यावा म्हणून

बाबा गाडीत बसले की आधी पट्टा लावतात, मग कानातली दोन्ही यंत्रं काढून डबीत ठेवतात. डबी शर्टाच्या खिशात जाते आणि मग म्हणतात, “लाव.”

गाणं ऐकायचं म्हणून यंत्रं काढायची, हे मलाही आधी उलटं वाटायचं. कर्वे रस्त्यावरच्या ज्या ऑडिओलॉजिस्ट बाईंकडे आम्ही जातो, त्यांनी ते समजावून सांगितलं. श्रवणयंत्र मुळात बोलणं कळावं म्हणून बनवलेलं असतं. त्यानं कानात शिट्टी मारू नये यासाठी आत एक सोय असते. लांबच लांब चाललेला एकसारखा स्वर आला की त्यालाच शिट्टी समजून ती दाबायला जाते. आणि तंबोरा म्हणजे नेमका तसाच स्वर. त्यामुळे यंत्र लावलं की बाबांना तंबोरा थरथरत, हेलकावे खात ऐकू यायचा. बाईंनी यंत्रात संगीतासाठी वेगळा प्रोग्रॅम घालून दिला, त्यानं घरी पुष्कळ फरक पडला. पण गाडीत, बंद काचांच्या आत, त्यांना उघड्या कानांनीच ऐकायचं असतं. सवाई गंधर्व महोत्सव रमणबागेत व्हायचा तेव्हापासून रात्र रात्र बसून ऐकलेला माणूस आहे. त्यांचा हा हट्ट मला मोडवत नाही.

बाबा ७९ वर्षांचे आहेत. खडकीच्या एका कारखान्यात ३१ वर्षं इंजिन टेस्टिंगला होते. त्या काळात कानात बोळे घालण्याची पद्धत त्यांच्या खात्यात तरी नव्हती. त्यांचा ऑडिओग्राम, म्हणजे कानाच्या तपासणीचा आलेख, मी फ्रिजवर चुंबकानं लावून ठेवलाय. आलेखाच्या डाव्या टोकाला खालचे आवाज, २५० हर्ट्झ, उजव्या टोकाला वरचे, ८०००. हजारापर्यंत रेघ बऱ्यापैकी सरळ चालते, मग उतरणीला लागते आणि ४००० च्या आसपास खड्ड्यात जाते. मोठ्या आवाजात वर्षानुवर्षं काम केलेल्यांच्या आलेखात हा खड्डा हमखास दिसतो, असं बाई म्हणाल्या. उजवा कान डाव्यापेक्षा जास्त गेलाय. गाडी मी चालवते आणि बाबा माझ्या डावीकडे बसतात, म्हणजे त्यांचा कमी ऐकू येणारा कान माझ्याकडे आणि बरा कान दाराकडे.

हे सगळं मला ठाऊक होतं. पण ते गाडीच्या स्क्रीनवरच्या बास, मिड आणि ट्रेबल (खालचा, मधला आणि वरचा आवाज) या तीन पट्ट्यांशी जोडायला हवं, हे डोक्यात यायला फार उशीर झाला. दोन वर्षं मी नुसता आवाज वाढवत राहिले. आवाज वाढवला की बाबा म्हणायचे, “ओरडतंय गं.” कमी केला की म्हणायचे, “तबला आहे, पण गाणं कुठाय?” दोन्ही तक्रारी खऱ्या होत्या. ज्या पट्टीत कान शाबूत आहे तिथे वाढलेला आवाज त्यांना टोचायचा आणि जिथे कान गेलाय तिथे तो पोचतच नव्हता.

गाडी २०२१ ची, पेट्रोलची, मॅन्युअल गिअरची. कंपनीनंच बसवलेली ७ इंची टचस्क्रीन, चार दारांत चार स्पीकर आणि पुढच्या खांबांवर दोन छोटे ट्विटर. गाणी पेन ड्राइव्हवर. ही गाणी म्हणजे बाबांच्या कॅसेट. १९८१ पासून पुढे तेरा-चौदा वर्षं त्यांनी रेडिओवरून रेकॉर्ड केलेल्या ११२ कॅसेट घरात होत्या. शनिवारी रात्री आकाशवाणीवर संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम लागला की घरात भांडं वाजवायचीही सोय नसायची, आम्ही भावंडं पायही टाचा उचलून टाकायचो. २०२० च्या टाळेबंदीत मी आणि माझ्या भावानं त्या सगळ्या कॅसेट संगणकावर उतरवून घेतल्या. त्याच्याकडे बंगळुरूला निम्म्या, माझ्याकडे निम्म्या. फायलींना नावं बाबांच्या अक्षरात कॅसेटवर होती तशीच दिली, देवनागरीत: यमन, बिहाग, पूर्वी, मारवा, ललत.

गाडीच्या स्क्रीनवर त्यातलं एकही नाव दिसत नव्हतं. दिसायचे ते रिकामे चौकोन, ओळीनं. बाबा म्हणाले “मारवा लाव” की मी चौकोन मोजायचे. इंजिन बंद करून परत चालू केलं की तीस मिनिटांची फाईल पहिल्यापासून वाजायची. दूध घ्यायला दोन मिनिटं थांबलो तरी विलंबित, म्हणजे सुरुवातीचा संथ भाग, पुन्हा सुरू. आणि सर्वांत वाईट म्हणजे बास, मिड, ट्रेबल कसेही लावा, दुसऱ्या दिवशी तिन्ही शून्यावर. त्यामुळे त्या पट्ट्यांना हात लावायचं मी सोडूनच दिलं होतं.

सर्व्हिसिंगला दोनदा सांगितलं. पहिल्यांदा “सगळ्या गाड्यांना असंच असतं मॅडम” हे उत्तर मिळालं. दुसऱ्यांदा गाडी दिवसभर ठेवून घेतली, संध्याकाळी “सॉफ्टवेअर अपडेट करून दिलंय” म्हणाले. मी सेटिंगमध्ये सिस्टीम इन्फर्मेशन उघडून आवृत्तीचा आकडा बघितला. सकाळी फोटो काढून ठेवला होता तोच आकडा होता. त्या फोटोनं माझा पुढचा वेळ वाचवला. गाडी कुणाच्याही हातात देण्याआधी हा आकडा टिपून ठेवावा, असं मी आता सगळ्यांना सांगते.

मग स्वतःच करायचं ठरवलं. गाडी बनवणाऱ्यांच्या संकेतस्थळावर मालकांसाठी अपडेटचं पान होतं. तिथे गाडीचा व्हीआयएन, म्हणजे चासी क्रमांक टाकला की तुमच्या गाडीला लागू असलेली फाईल मिळते. १७ अक्षरं-आकड्यांचा हा क्रमांक आरसीवर असतो. मी तीनदा टाकला, तिन्हीदा “क्रमांक चुकीचा”. मग लक्षात आलं की मी शून्याच्या जागी इंग्रजी ‘ओ’ टाकतेय. व्हीआयएनमध्ये आय, ओ आणि क्यू ही अक्षरं वापरतच नाहीत, एक आणि शून्याशी गल्लत होऊ नये म्हणून. गोल दिसलं की ते शून्यच. चौथ्यांदा पान उघडलं. नवी आवृत्ती आलेली होती आणि तिच्याबरोबरच्या टिपणात तीन ओळी माझ्या कामाच्या होत्या: भारतीय लिप्यांतली नावं दिसतील, गाणं थांबलं तिथून पुढे वाजेल, आवाजाची सेटिंग टिकून राहतील. ते वाचून मी उठून बाबांना सांगायला गेले.

फाईल पावणेसहा जीबीची झिप होती. माझ्याकडचा पेन ड्राइव्ह ६४ जीबीचा, एक्सफॅट या पद्धतीनं फॉरमॅट केलेला. गाडीनं तो ओळखलाच नाही. माहितीपुस्तकात स्पष्ट लिहिलं होतं की फॅट३२ हवा. विंडोजच्या नेहमीच्या फॉरमॅटच्या खिडकीत ६४ जीबीला तो पर्यायच येत नव्हता, ३२ जीबीपर्यंतच यायचा. त्यासाठी वेगळी सॉफ्टवेअरं मिळतात, पण या कामात मला शंकेला जागा ठेवायची नव्हती. शनिवारी संध्याकाळी तपकीर गल्लीत गेले. दुकानदारानं विचारलं, “गाडीसाठी का ताई? मग ३२ चाच घ्या आणि चांगल्या कंपनीचा घ्या. अर्ध्यात दगा देणारा नको.” त्यांच्याच संगणकावर फॅट३२ करून दिला.

घरी येऊन झिप उघडली. इथे आणखी एक खाच आहे. झिप उघडली की संगणक तिच्याच नावाचा फोल्डर करून त्यात सगळं ठेवतो. मी तो फोल्डर तसाच पेन ड्राइव्हवर टाकला आणि गाडीनं सांगितलं, अपडेट सापडलं नाही. फायली फोल्डरमधून बाहेर काढून थेट पेन ड्राइव्हच्या पहिल्या पायरीवर ठेवाव्या लागतात, त्यांची नावं न बदलता. फॅट३२ मध्ये एक फाईल ४ जीबीपेक्षा मोठी चालत नाही. आतली सर्वांत मोठी फाईल त्याच्या आत बसेल अशीच तुकडे करून दिलेली होती. पेन ड्राइव्हवर दुसरं काहीही ठेवलं नाही, एक गाणंसुद्धा नाही.

रविवारी सकाळी साडेसातला गाडी पार्किंगमधून काढून गेटजवळ मोकळ्या जागेत लावली. अपडेटला इंजिन चालू लागतं. नुसत्या बॅटरीवर पाऊण तास स्क्रीन चालवली आणि मध्येच व्होल्टेज पडलं तर सिस्टीम अर्धवट लिहिलेली राहू शकते. पण चालू इंजिन तळघरातल्या किंवा बंदिस्त पार्किंगमध्ये ठेवायचं नाही, तो धूर जिवावर बेततो. आमच्या गाडीत सिग्नलला इंजिन आपोआप बंद होण्याची सोय आहे, तीही बटण दाबून बंद केली. एसी, दिवे बंद. फोनचं ब्लूटूथ बंद. न्यूट्रल, हँडब्रेक.

बाबा स्वेटर घालून खाली आले आणि शेजारी बसले. यंत्रं कानात होती. पेन ड्राइव्ह लावला, स्क्रीननं दोन्ही आवृत्त्यांचे आकडे दाखवून विचारलं, मी ‘हो’ दाबलं आणि पट्टी सरकायला लागली. सोळा टक्क्यांपर्यंत भराभर गेली, मग बाविसावर बराच वेळ थांबली. मी स्क्रीनकडे बघत होते, बाबा डोळे मिटून बसले होते. थोड्या वेळानं म्हणाले, “इंजिन छान चाललंय. टॅपेट जरा बोलतायत, पण गार आहे अजून, गरम झालं की थांबतील.” आणि सात-आठ मिनिटांनी खरंच थांबले. टॅपेटची, म्हणजे इंजिनातल्या झडपांपाशी होणारी, ती टकटक माझ्या चांगल्या कानांना त्यांनी सांगितल्यावरच ऐकू आली होती. चार हजारांच्या वरचं काही त्यांना आता ऐकू येत नाही, पण कुठला आवाज कशाचा हे कळण्याची जी जागा असते, ती तशीच आहे.

बासष्ट टक्क्यांवर तिसऱ्या मजल्यावरचे काका आले. त्यांची गाडी आत आणि मी नेमकी वाटेत. “ताई, जरा पुढे घेता का? साडेआठला स्वारगेटला पोचायचंय.” गाडी दोन फूट पुढे घेतल्यानं बहुधा काही झालं नसतं. पण सूचनेत लिहिलं होतं की पूर्ण होईपर्यंत गाडी हलवू नका, आणि मला तो धोका घ्यायचा नव्हता. मी उतरून त्यांना सगळं सांगितलं: बाबांसाठी करतेय, अजून वीस मिनिटं लागतील, वाटलं तर रिक्षाचे पैसे मी देते. ते बाबांकडे वाकून बघत म्हणाले, “नानांसाठी ना? मग होऊ दे,” आणि चालत नाक्यावर रिक्षा बघायला गेले. संध्याकाळी मी त्यांच्याकडे चिरोटे नेऊन दिले.

शंभर टक्के झाल्यावर स्क्रीन काळी झाली. पूर्ण काळी, बटणांचे दिवेसुद्धा गेले. माहितीपुस्तकात ‘सिस्टीम पुन्हा सुरू होईल’ एवढं एक वाक्य होतं, त्याला किती वेळ लागेल ते नव्हतं. मी घड्याळ लावून बसले. तीन मिनिटं, पाच, आठ. चावीकडे हात जात होता. बाबांनी माझ्या मनगटावर हात ठेवला आणि म्हणाले, “टेस्ट बेंचवर असताना मध्ये हात घालायचा नाही.” अकराव्या मिनिटाला कंपनीचं चिन्ह उजळलं, पुन्हा गेलं, पुन्हा आलं आणि मग मुख्य पडदा उघडला. घड्याळात बारा वाजले होते, भाषा इंग्रजी झाली होती. सिस्टीम इन्फर्मेशनमध्ये नवा आकडा होता. मी त्याचाही फोटो काढला. मग पेन ड्राइव्ह काढला, इंजिन बंद केलं, सूचनेप्रमाणे पाच मिनिटं थांबून परत चालू केलं आणि आकडा पुन्हा तपासला.

जुनं सगळं पुसलं गेलं होतं. रेडिओची साठवलेली केंद्रं, पेअर केलेले फोन, सगळं. याची कल्पना होती, म्हणून आधीच कागदावर लिहून ठेवलं होतं. रेडिओत पहिल्या बटणावर बाबांचं १०१, विविधभारती. फोन पेअर करताना गाडीच्या यादीतून आणि फोनच्या यादीतूनही जुनी जोडी पुसली आणि नव्यानं जोडली. एकाच बाजूनं पुसलं की दोघं एकमेकांना ओळखल्यासारखं करतात आणि मध्येच सोडतात. बाबांच्या फोनला गाडीत फक्त कॉलची परवानगी ठेवली, गाण्याची काढून टाकली. फोनच्या ब्लूटूथमध्ये गाडीच्या नावापुढच्या खुणेत या दोन परवानग्या वेगवेगळ्या असतात. नाहीतर त्यांच्या फोनवर आलेला एखादा व्हिडिओ मध्येच मोठ्यानं वाजतो आणि ते दचकतात. रस्ता सांगणाऱ्या बाईचा आवाज कमी करायला आमच्या गाडीत वेगळी पट्टी नाही. ती बोलत असतानाच आवाजाचं बटण फिरवायचं, म्हणजे फक्त तिचा कमी होतो. हे कळेपर्यंत मी गाण्याचाच आवाज खाली-वर करत होते.

मग गाण्यांचा पेन ड्राइव्ह लावला. चौकोन गेले होते. ‘यमन’ दिसलं. ‘मारवा’ दिसलं. पण ‘पूर्वी’चं ‘पूर् वी’ झालं होतं आणि ‘बिहाग’ची वेलांटी ‘ब’ सोडून ‘ह’वर जाऊन बसली होती. म्हणजे अक्षरं आली, ती जोडायची कशी हे सिस्टीमला अजून येत नव्हतं. देवनागरीत अक्षरं नुसती ओळीनं ठेवून भागत नाही, रफार उचलावा लागतो, पहिली वेलांटी मागे न्यावी लागते. हे काम ज्यांनी अर्धवट सोडलं त्यांनी एकदा एखाद्या मराठी माणसाला ती स्क्रीन दाखवायला हवी होती, असं मला मनापासून वाटतं. बाबांनी मात्र ‘पूर् वी’ वाचलं आणि त्यांना तेवढं पुरलं. भावाकडून आलेल्या काही फायलींच्या जागी टोप्या घातलेली रोमन अक्षरं दिसत होती. तो दोष गाडीचा नव्हता, टॅग लिहिताना लिपीची खूण चुकली होती. तेवढ्या एमपी३टॅग नावाच्या सॉफ्टवेअरमध्ये घेऊन पुन्हा लिहिल्या. त्याच्या मॅकनं प्रत्येक गाण्यामागे टिंब आणि खालच्या रेघेनं सुरू होणारी एकेक लपलेली फाईल टाकली होती, त्या गाडीला न वाजणारी गाणी वाटत होत्या. त्याही काढल्या. नावांआधी ०१, ०२ असे आकडे घातले, म्हणजे ‘मारवा अ’नंतर ‘मारवा ब’च येईल.

आता खरं काम. पुढचे तीन दिवस संध्याकाळी चहानंतर मी आणि बाबा, आणि मागे आई, असे उभ्या गाडीत बसायचो. आधी सराउंडचा पर्याय बंद केला. या सगळ्या रेकॉर्डिंग मोनो आहेत, एकाच वाहिनीच्या. त्यांना सराउंड दिला की गवई भिंतीपलीकडे गेल्यासारखा होतो. लाउडनेसही बंद, कारण तो खालचा आवाज फुगवतो. बास शून्यावरून उणे तीनवर आणला. खालच्या पट्टीतला मोठा आवाज वरच्या बारीक आवाजाला झाकून टाकतो, आणि दारातल्या स्पीकरमधून डग्गा तर पायाला जाणवेल इतका येत होता. बॅलन्स डावीकडे तीन घरं, बाबांच्या बऱ्या कानाकडे. मग ट्रेबल अधिक चार.

बाबा म्हणाले, “जरा उघडलं.” मागून आई म्हणाली, “अगं, किती सूंऽऽ करतंय. डोकं दुखेल.” कॅसेटचा हिस्स. बाबांना तो ऐकूच येत नव्हता, आईला त्याच्याशिवाय काही ऐकू येत नव्हतं. ट्रेबल दोनवर आणला, आई गप्प झाली आणि बाबाही. पुन्हा तीनवर. एका गाडीत दोघांचं जमेना. फेडर पुढे सरकवून मागचे स्पीकर मंद केले तरी हिस्स पुढून मागे पोचतच होता.

रात्री मी ‘मारवा अ’ संगणकावर ऑडॅसिटी या आवाजाच्या सॉफ्टवेअरमध्ये उघडून त्याचा स्पेक्ट्रोग्राम, म्हणजे आवाजाचं चित्र, बघितला. गाणं खालून वर रंगांच्या रेघांमध्ये दिसत होतं, आणि साधारण पाच हजार हर्ट्झला कुणी कात्रीनं कापल्यासारखं थांबलं होतं. त्याच्या वर एकसारखी करडी धूळ. मग लक्षात आलं. बाबांनी हे सगळं मध्यम लहरींवरून घेतलंय, ७९२ किलोहर्ट्झच्या पुणे केंद्रावरून. मध्यम लहरींच्या प्रक्षेपणात साधारण तिथपर्यंतचाच आवाज येतो. त्याच्या वर कॅसेटवर जे काही आहे तो फक्त फितीचा हिस्स. म्हणजे ट्रेबल वाढवून मी गाण्याला काहीच देत नव्हते, नुसती धूळ उडवत होते. बाबांना जे हवं होतं ते दोन ते चार हजारांच्या पट्ट्यात होतं, आणि ते काम मिडचं होतं. तंबोऱ्याची जवारी, तारेखाली दोरा सरकवून जी झळाळी येते, तिचा बराच भाग याच पट्ट्यात असतो. नेमकी तिथेच बाबांच्या आलेखातली उतरण सुरू होते. हिस्स काढून टाकणारी सोय ऑडॅसिटीत आहे, तीही वापरून बघितली. जास्त लावली की हिस्सबरोबर जवारीही धुऊन निघते आणि तंबोरा लाकडाचा वाजायला लागतो. म्हणून तो नाद सोडला.

दुसऱ्या दिवशी ट्रेबल उणे तीन, मिड अधिक पाच, म्हणजे शेवटापर्यंत. लावलं. गाण्याआधी तंबोरा जुळवतानाचा अर्धा मिनिट त्या कॅसेटवर आहे, बाबांनी तोही कधी पुसला नव्हता. आई म्हणाली, “आता कसं गोड वाटतंय.” बाबा काहीच बोलले नाहीत. त्यांनी उजवा हात गुडघ्यावर ठेवला होता, त्याचं मधलं बोट आणि तर्जनी हलायला लागली: एकदा मधलं बोट, तीनदा तर्जनी. तंबोरा छेडतात तशी. चार तारा.

इंजिन बंद केलं, सोसायटीला एक फेरी मारली, परत येऊन चालू केलं. मिड पाचवर होता आणि मारवा थांबला तिथूनच पुढे निघाला.

त्या पुढच्या शनिवारी वाईला आत्याकडे गेलो. वारज्यावरून बायपासला लागलो, नवले पूल, कात्रजचा बोगदा. वेगाप्रमाणे आपोआप आवाज वाढण्याची सोय मी सर्वांत खालच्या पायरीवर ठेवली होती. पूर्ण बंद केली तर शिरवळपुढे रस्त्याची घरघर गाणं गिळते, आणि वरच्या पायरीवर ठेवली तर खंबाटकीत प्रत्येक वळणाला वेग उतरतो तसा गाणाराही मागे सरतो. खालच्या पायरीवर ते कळण्याइतकं होत नाही. काचा पूर्ण बंद, एसीचा पंखा एकवर. पंखा तीनवर गेला की बाबांचं ऐकणं संपतं, हे मला त्या प्रवासात समजलं. उन्हाळ्यात त्यासाठी सकाळी सहाला निघावं लागेल, तर निघू.

घाट चढताना द्रुत, म्हणजे जलद लयीचा भाग, सुरू होतं. तानांची गर्दी झाली आणि अर्ध्या तानेत खटकन आवाज तुटला. ‘अ’ बाजू संपली होती. बाबा तेव्हा उठून कॅसेट उलटी करून परत रेकॉर्डचं बटण दाबेपर्यंत जो काय वेळ गेला असेल, तेवढं गाणं कुठेच नाही. सिस्टीमनं पुढची फाईल घेतली, क्षणभर स्क्रीनवर ‘मारवा ब’ आलं, आणि त्या शांततेत शेजारून बारीक आवाजात ती तान पुढे निघाली. कोमल रिषभावरून खाली, पुन्हा वर, अडखळत, पण लयीत. बाबा समोरच्या वळणाकडे बघत गात होते. स्पीकरमधून ‘ब’ बाजूचा पहिला ठोका आला तेव्हा ते समेच्या एक मात्रा अलीकडे होते.